वीतभर डावीकडे

माझा भाऊ लायल प्रॉख्नो याने पोटापाण्यासाठी जग उलटं बघितलं, दोन पायांमधून. ही चेष्टा नाही, त्याचं कामच ते होतं. आमच्या लांबोडक्या चेंडूच्या फुटबॉलमध्ये संघाला पुढे सरकता आलं नाही, की चेंडू लाथेने लांब उडवून द्यायची पाळी येते. लाथ मारणारा किकर पंधरा यार्ड मागे उभा असतो. त्याच्यापर्यंत चेंडू पोचवायला एक जण ओणवा होतो, पायांमधून मागे बघतो आणि चेंडू असा भिरकावतो की तो पाऊण सेकंदात किकरच्या हातात पडला पाहिजे. याला लाँग स्नॅपर म्हणतात. सामन्यात सात-आठ वेळा मैदानात जायचं, फेकायचं, समोरच्या दांडगटाचा धक्का खायचा आणि परत बाकावर येऊन बसायचं. चेंडू नीट गेला तर या माणसाचं नाव कुणी विचारत नाही. नीट गेला नाही तर मात्र विचारतात.

हे खूळ आमच्या डॅडींचं. डॅडी म्हणजे अर्विन प्रॉख्नो, स्टिल्सनच्या कागद गिरणीत लगदा शिजवायचे. विस्कॉन्सिनमधल्या आमच्या या गावात पोरगा जन्मला की बाप त्याच्या पाळण्यात चेंडू ठेवतो, आणि प्रत्येक बापाला वाटतं आपला पोरगा चेंडू घेऊन पळणार. डॅडींचं गणित वेगळं होतं. ते म्हणायचे, "सगळ्यांना चेंडू हातात पाहिजे. टाकून द्यायला कोण शिकतो? कुणीच नाही. मग लायलला टाकून द्यायला शिकवू. कॉलेजवाले शोधत येतील."

लायल तेव्हा अकरा वर्षांचा होता आणि मी चौदाची. डॅडी त्याच्या मागे स्टॉपवॉच घेऊन उभे राहायचे. पंधरा यार्डांवर किकरच्या जागी कुणीतरी पाहिजे होतं, म्हणून मी उभी राहायची. मला कुणी विचारलं नाही. खरं सांगायचं तर विचारण्याची गरजही नव्हती. डॅडी घरात आमच्याशी फारसं बोलायचे नाहीत. जेवले की वर्तमानपत्र, वर्तमानपत्र झालं की झोप. बोलायचे ते फक्त अंगणात. "शाब्बास बर्नी! हात वर! अगं, डोळे कशाला मिटतेस, चावतोय का तो?" तेवढं ऐकण्यासाठी मी हिमातसुद्धा उभी राहिले असते, आणि राहिलेही.

आईला हे सगळं बिनडोकपणाचं वाटायचं. ती स्वयंपाकघराच्या खिडकीतून ओरडायची, "अर्विन, पोरीच्या हाताला काही झालं ना, तर तो चेंडू तळघरातल्या भट्टीत जाईल. आणि पाठोपाठ तुम्ही." आई बोलली की करायचीच. भट्टीत घालायचीच ती.

दुसऱ्या वर्षीच्या ऑक्टोबरात, चेंडू भिजून दगडासारखा झाला होता तेव्हा, माझ्या उजव्या हाताचं मधलं बोट मोडलं. आवाज मला ऐकू आला. डॅडी स्टॉपवॉच बघत होते. मी म्हटलं, "हात गारठलाय, हातमोजे घालून येते," आणि न्हाणीघरात जाऊन बोटाला शेजारच्या बोटाशी वायरीची काळी चिकटपट्टी गुंडाळली. वर लोकरीचे हातमोजे चढवले. परत येऊन आणखी बावीस चेंडू पकडले, सगळे डाव्या हातावर घेऊन, उजवा नुसता आधाराला लावून. दोन महिने कुणाला कळू दिलं नाही. बोट वाकडंच जुळलं, अजून तसंच आहे. त्यानंतर मी कायम दोन्ही हात वीतभर डावीकडे धरायची. चेंडू तिथेच यायचा. मला वाटायचं, काय नेम आहे पोराचा, जिथे हात तिथे चेंडू.

डॅडींना यातलं काही दिसलं नाही. ते फक्त वेळ मोजत होते.

डॅडींचं म्हणणं खरं ठरलं. राज्याच्या कॉलेजातून माणूस आला, त्याने आमच्या अंगणात उभं राहून लायलच्या वीस फेकी बघितल्या, आईच्या हातची सफरचंदाची पेस्ट्री खाल्ली आणि जाताना डॅडींचा हात हातात घेऊन म्हणाला, "मिस्टर प्रॉख्नो, एवढ्या वेगाचा पोरगा मी पाहिला नाही." गिरणीत डॅडी महिनाभर हे वाक्य सांगत फिरले. लायलची चार वर्षांची फी माफ झाली. आमच्या घराण्यात कॉलेजात गेलेला तो पहिला.

कॉलेजातली चार वर्षं सोन्यासारखी गेली. एकही फेक वाया गेली नाही. तिथला किकर रसेल ओडेगार्ड नावाचा नॉर्वेजियनांचा पोरगा होता, आणि तो डाव्या पायाचा होता. हे मी तेव्हा ऐकलं आणि सोडून दिलं. डाव्या पायाचा असेना का, मला काय त्याचं! आज कधीकधी वाटतं, तो उजव्या पायाचा असता तर पहिल्याच आठवड्यात सगळं उघडकीला आलं असतं. तेव्हा लायल अठराचा होता, अजून सुधारला असता. पण चारही वर्षं तोच होता, आणि लायल कसा अचूक म्हणून सगळे त्याची पाठ थोपटत राहिले.

मग व्यावसायिक संघ. प्रत्येक संघात लाँग स्नॅपर एकच असतो आणि तो चिकटला की पंधरा वर्षं हलत नाही. उन्हाळ्यात शिबिराला मात्र दुसरा बोलावतात, पहिल्याच्या कमरेला विश्रांती मिळावी म्हणून. लायल असा दहा उन्हाळे दुसरा होता. दरवर्षी ऑगस्टअखेर कुणीतरी दारावर टकटक करायचं, "साहेबांनी बोलावलंय, येताना वही घेऊन ये." वही म्हणजे संघाच्या डावपेचांची. ती परत मागितली की समजायचं, सामान बांधायचं.

सप्टेंबरनंतर मंगळवार सुरू व्हायचे. सामने रविवारी, खेळाडूंना मंगळवारी सुट्टी. त्याच दिवशी मैदान मोकळं असतं म्हणून संघ बाहेरच्या पोरांना चाचणीला बोलावतात. कुणाचा गुडघा गेलाय, कुणाची पाठ धरलीय, त्याच्या जागी कोण चालेल ते बघून ठेवायचं. फोन आदल्या दिवशी येतो, कधी त्याच दिवशी पहाटे. लायल घरोघरच्या, घर ऊबदार ठेवणाऱ्या भट्ट्या दुरुस्त करायच्या कामाला लागला होता. पण मंगळवारी तो गावाबाहेरचं काम घ्यायचा नाही. पिकअपमध्ये फोन डॅशबोर्डवर उभा करून ठेवायचा. मागच्या सीटवर बूट, चेंडू आणि इस्त्री केलेला शर्ट असायचा.

अशा चाचण्या किती दिल्या त्याने! मी नकाशावर टाचण्या लावायची, नंतर सोडून दिलं. विमानाने जायचं, चाळीस चेंडू फेकायचे, "छान, कळवतो," ऐकायचं आणि परत यायचं. बुधवारी सकाळी तो माझ्याकडे शाळेच्या खानावळीत कॉफीला यायचा. मी तिथे पोरांना जेवण वाढते, वीस वर्षं झाली.

"काय म्हणाले?"

"छान म्हणाले."

"मग घेत का नाहीत मेले?"

"घेतील, बर्नी. तू ते मॅकरोनी ढवळ, करपतंय."

कारण कधी सांगायचा नाही. मी सगळ्या प्रशिक्षकांना आंधळे म्हणायची. मला वाटायचं वशिला लागतो, नाहीतर आमचं गाव लहान म्हणून. मी फार तावातावाने बोलायची आणि तो ऐकून घ्यायचा.

त्याची बायको मार्सी सहा वर्षं राहिली. चांगली होती, मी तिच्याविरुद्ध एक शब्द बोलणार नाही. जाताना माझ्याकडे आली, माझे दोन डबे परत दिले आणि म्हणाली, "बर्नी, दुसरी बाई असती तर मी भांडले असते. आठवड्यातल्या एका वाराशी कशी भांडू?"

दहाव्या वर्षी नोव्हेंबरात खरा फोन आला. दक्षिणेतल्या एका संघाच्या स्नॅपरचा गुडघा फाटला होता. चाचणीबिचणी काही नाही, थेट रविवारी सामन्यात. संघाचं नाव मी लिहीत नाही, आमच्या गावात त्यावरून अजून मारामाऱ्या होतात.

त्या रविवारी आम्ही सगळे डेलाच्या बारमध्ये जमलो. डॅडींची फुप्फुसं तेव्हा गिरणीने खाऊन टाकली होती, नाकाला ऑक्सिजनची नळी लावून त्यांना खुर्चीत बसवून आणलं होतं. लायल मैदानात नऊ वेळा आला. टीव्हीवर दिसायची फक्त त्याची पाठ आणि ढुंगण. डॅडी प्रत्येक वेळी टेबलावर हात आपटायचे, "हाच! खाली वाकलाय तो! हाच माझा!" बारमधली माणसं हसायची आणि डॅडीही हसायचे. टीव्हीवाल्याने लायलचं नाव एकदाही घेतलं नाही. सगळं नीट झालं होतं ना! मी त्या दिवशी जितकी सुखी होते तितकी पुढे कधी झाले नाही.

दुसऱ्या रविवारी शेवटची दोन मिनिटं उरली होती आणि त्याचा संघ चार गुणांनी पुढे होता. चेंडू लाथेने लांब पाठवला की सामना खिशात. लायल वाकला. चेंडू गेला, पण किकरच्या डाव्या कुशीकडे गेला. किकर उजव्या पायाचा. त्याला चेंडू ओढून उजवीकडे आणावा लागला. डोळ्याचं पातं लवायला लागतो तेवढाच उशीर झाला. तेवढ्यात समोरचा धिप्पाड गडी आडवा झाला, चेंडू त्याच्या छातीवर आपटून उडाला, दुसऱ्याने उचलला आणि पळाला. सामना हातचा गेला. टीव्हीवाल्याने नाव घेतलं, अकरा वेळा, आणि अकराही वेळा चुकीचं उच्चारलं.

बारमध्ये कुणी कुणाकडे बघेना. डेलाने न मागता डॅडींपुढे ब्रँडी ठेवली. डॅडी पडद्याकडे बघत म्हणाले, "वारा होता. वाऱ्याने गेला तो."

ते स्टेडियम छपराचं होतं. आत वाराच नसतो. तिथल्या प्रत्येकाला ते माहीत होतं. सगळे म्हणाले, "होय अर्विन, वाराच होता."

मंगळवारी लायलला काढलं. डॅडी फेब्रुवारीत गेले, वाऱ्याला दोष देतच गेले.

त्यानंतरही तो तीन वर्षं थांबला. फोन कमी होत गेले. महिन्यातून एक, मग मोसमात दोन. मागच्या वर्षी, म्हणजे तो चौतीसचा असताना, डिसेंबरात एक आला. सहा तासांच्या अंतरावर, विमानाचं तिकीट नाही, आपलं आपण या. त्याचा पिकअप बिघडलेला, म्हणून मी सुट्टी काढून त्याला माझ्या गाडीतून नेलं. इतक्या वर्षांत मी त्याची चाचणी कधी पाहिली नव्हती.

बंदिस्त सराव मैदान होतं. मला बाहेरच्या खोलीत बसवलं, पण मधे काच होती आणि सगळं दिसत होतं. चार जण होते. बाकीचे तिघे बावीस-तेवीसचे, मांड्या अशा की खांब. लायलच्या डोक्यावर मागे टक्कल दिसत होतं. पण त्याचा चेंडू निघाला की मी बसल्या जागी ताठ व्हायची. काय वेग होता अजून! किकर तो पकडून दरवेळी किंचित उजवीकडे ओढून घ्यायचा. मला त्यात काही वावगं दिसलं नाही.

संपल्यावर एक म्हातारा प्रशिक्षक कॉफी घ्यायला माझ्या खोलीत आला. गळ्यात स्टॉपवॉच होतं, अगदी डॅडींसारखं. मी विचारलं, "प्रॉख्नो कसा वाटला?"

"तुम्ही कोण त्याच्या?"

"बहीण."

"वेग अजून आहे हो. देवाशप्पथ सांगतो, या तिन्ही पोरांपेक्षा जास्त आहे. पण बाई, तो चेंडू! किकरच्या डावीकडे, वीतभर. कायम. दहा वर्षांपूर्वी मी दुसऱ्या संघात होतो, तिथेही हेच. प्रत्येक संघाकडे त्याच्या नावापुढे हेच लिहिलेलं आहे. डाव्या पायाचा किकर असता तर मी आज घेतला असता त्याला."

"मग सुधारायला सांगायचं ना!"

"सगळ्यांनी सांगितलं. नाही जात. हे लहानपणी बसतं. समोर पकडायला कुणीतरी डावीकडे हात धरून उभं राहिलं असणार, वर्षानुवर्षं. कोण पकडायचं हो याचे चेंडू?"

मी माझा उजवा हात कोटाच्या खिशात घातला.

"वडील," मी म्हटलं. "गेले ते."

"हं. बिचाऱ्यांना तरी काय ठाऊक," म्हातारा म्हणाला आणि कॉफी घेऊन आत गेला.

मी मेलेल्या बापावर ढकललं. हे मी इथे लिहून ठेवते, कारण चर्चमध्ये पापांची कबुली देतानाही मी ते अजून बोललेले नाही.

परतीच्या वाटेवर आम्ही एका ढाब्यासारख्या साध्या हॉटेलात थांबलो. लायलने मिरच्या-घेवड्याचं चिली मागवलं, मी कोबी आणि सॉसेज. त्या तिघांतल्या कुणाला तरी घेतलं होतं. लायल शांत होता. मी काटा उचलला आणि माझ्याने काही खाववेना.

"लायल, तुझा चेंडू डावीकडे जातो."

"म्हाताऱ्याने सांगितलं वाटतं. फार तोंडाळ आहे तो."

"माझ्यामुळे जातो."

तो चिलीत बिस्किटं कुस्करत राहिला.

"माझं बोट मोडलं होतं. तुला सांगितलं नाही मी. हात डावीकडे धरायची."

"माहीत आहे."

"काय माहीत आहे?"

"बोट. त्याच दिवशी कळलं. जेवताना तू काटा डाव्या हातात धरलास. मटार सांडत होते तुझे." तो माझ्याकडे न बघता बोलत होता. "मी बोललो असतो तर आईने चेंडू भट्टीत घातला असता. डॅडी परत वर्तमानपत्रात घुसले असते. तुलाही ते नको होतं, म्हणून तर तू गप्प बसलीस. मग म्हटलं, आपण डावीकडे टाकू, म्हणजे हिच्या त्या हाताला लागणार नाही. मुद्दाम टाकायचो, बर्नी. रोज. पुढे मुद्दाम टाकावा लागेना."

मला हुंदका आला आणि रागही आला. "गाढवा! बावीस वर्षं! कॉलेज सोडल्या सोडल्या का नाही सांगितलंस? मी दुसरीकडे उभी राहिले असते!"

"केलं ना सगळं. गॅरेजच्या भिंतीवर खूण रंगवली. भिंतीवर मारला की बरोबर बसतो, दहापैकी दहा. माणूस उभा राहिला समोर, की जातो डावीकडे." त्याने खांदे उडवले. "माणूस दिसला की हात ऐकत नाही."

घराशी उतरताना तो म्हणाला, "सॉसेज बांधून घ्यायला पाहिजे होतं." मी म्हटलं, "हो."

पुढच्या मंगळवारी दुपारी मी त्याच्याकडे गेले. त्याने गावाबाहेरचं काम घेतलं नव्हतं. पिकअप अंगणात उभा, फोन डॅशबोर्डवर उभा. त्या फोनवर आता कुणाचा आवाज येणार नव्हता, हे त्यालाही ठाऊक होतं आणि मलाही. मी चेंडू घेतला आणि त्याच्या पायाशी टाकला.

"चल. वाक."

"बर्नी, तू छप्पन्न—"

"सदतीस वर्षांची आहे, आगाऊपणा करू नकोस. माझ्या उजव्या हातावर मार. या वाकड्या बोटावर. लागू दे."

तो हसला, बऱ्याच दिवसांनी. पंधरा यार्ड मोजून मी उभी राहिले आणि उजवा हात पुढे काढून धरला, डावा पाठीमागे. तो वाकला. त्याचं लालबुंद उलटं तोंड पायांमधून मला दिसलं, अकरा वर्षांचा असताना दिसायचं तसंच. चेंडू आला आणि माझ्या डाव्या कुशीजवळून निघून मागच्या कुंपणावर आदळला.

"पुन्हा," मी म्हटलं.

पुन्हा डावीकडे. पुन्हा. नऊ चेंडू गेले, नऊही एकाच जागेवरून, वीतभर डावीकडे. प्रत्येक वेळी मी तो आणून द्यायची आणि त्याच्या तोंडाकडे बघायचं टाळायची. तो दरवेळी तळवे पँटला पुसायचा. मला ते बघवेना. दहाव्या वेळी तो वाकला, मी श्वास धरला आणि चेंडू सुटायच्या क्षणी एक पाऊल डावीकडे टाकलं. चेंडू सणकून माझ्या उजव्या तळव्यावर बसला. वाकडं बोट पुन्हा एकदा कळवळलं.

"बसला!" मी ओरडले. "लायल, उजवीकडे बसला! बघितलंस?"

तो उठला नाही. तसाच ओणवा, दोन्ही हात जमिनीला टेकून, पायांमधून माझ्याकडे बघत राहिला.

"बर्नी," तो म्हणाला, "तू सरकलीस."